भिंतीबाहेर उरलेले साडेतीन फूट

अमेरिकेत मला स्वतःला आर्किटेक्ट म्हणवून घ्यायची परवानगी नाही. नागपूरला पाच वर्षं शिकले, पुण्यात सात वर्षं इमारती उभ्या केल्या, त्यांतली एकही अजून पडलेली नाही. पण टेक्सासमध्ये परीक्षा देऊन परवाना घेतल्याशिवाय हा शब्द नावापुढे लावता येत नाही. म्हणून अर्विंगमधल्या एका लहानशा ऑफिसात मी 'डिझाइनर' आहे. काम तेच, फक्त सही दुसऱ्याची. परीक्षेची पुस्तकं कपाटात आहेत. त्यांच्याऐवजी मी भलतीच पुस्तकं वाचत बसते, आणि त्या भलत्या पुस्तकांत गेली काही वर्षं जुन्या मशिदींवरची पुस्तकं फार झाली आहेत.

त्यामुळे गाद्यांच्या एका बंद पडलेल्या शोरूमची मशीद करायचं काम ऑफिसात आलं तेव्हा मला आनंद झाला. साहेबाने ते माझ्याकडे दिलं, पण माझ्या वाचनामुळे नव्हे. "तू त्याच भागातली ना," असं तो म्हणाला. मी नागपूरची बौद्ध आहे हे सांगितलं. म्हणजे जवळच की, अशा चेहऱ्याने त्याने मान हलवली.

इमारत म्हणजे एक लांबरुंद पत्र्याचा डबा, पुढे पार्किंग, शेजारी टायरचं दुकान. मक्केची दिशा टेक्सासहून ईशान्येला येते आणि इमारत मात्र रस्त्याला समांतर. त्यामुळे नमाजाच्या दिशेची भिंत आतमध्ये तिरकी उभारायची होती. तिच्या मागे उरणाऱ्या त्रिकोणी कोपऱ्यात चपलांचे रॅक आणि एसीची यंत्रं. मला हे मनापासून आवडलं होतं. पहिल्या काळातल्या मशिदी अशाच होत्या: हाताशी असेल त्या जागेत, कुठून कुठून गोळा केलेल्या खांबांवर छप्पर टाकलेल्या. बडेजाव नाही. सगळा जीव ओतलेला असायचा तो भिंतीवरून फिरणाऱ्या अक्षरांच्या एका पट्ट्यात.

कमिटीला मात्र घुमट हवा होता. शिवाय चार मिनार, आणि दर्शनी भाग लाल दगडाचा वाटेल असा. अध्यक्ष हे दातांचे डॉक्टर, हैदराबादचे. त्यांच्या कार्डावर नावापेक्षा पदव्या लांब होत्या. "बहनजी, सिंपल ठीक है," ते मला समजावून सांगत, "लेकिन थोडा ग्रँड भी दिखना चाहिए." यात हसण्यासारखं काही नाही. आमच्या इकडच्या विहाराच्या कमिटीनेही बुद्धमूर्तीच्या आधी देणगीदारांच्या नावांच्या ग्रॅनाइट पाटीची ऑर्डर दिली होती. कार्ल्याच्या लेण्यातही खांबाखांबावर देणाऱ्यांची नावं कोरलेली आहेतच. माणसाला देवापेक्षा देवाच्या भिंतीचा मोह जास्त, असं माझं मत आहे आणि ते अजून कोणी बदलू शकलेलं नाही.

घुमट पत्र्याच्या छपराला पेलणार नाही हे इंजिनिअरने सांगितल्यावर कमिटी नाराज झाली. त्या नाराजीच्या फटीतून मी अक्षरांचा पट्टा आत सरकवला. आणि तो काढणारा माणूस मला त्याआधीच, डिसेंबरात, भारतीय वाणसामानाच्या दुकानात भेटला होता.

मी फोनवर मराठीत बोलत कोकम शोधत होते. मागून आवाज आला, "बाय, इथला कोकम घेऊ नको, आंबट नाही. आणि ही पाटी बघ. हा 'ग' कोणी काढलाय? पडेल तो." खरोखरच, 'गवार' लिहिलेल्या कार्डावरचा ग पुढे झुकला होता. बोलणारे काका रत्नागिरीच्या बाजूचे कोकणी मुसलमान, एकाहत्तर वर्षांचे, मुलाकडे सहा महिन्यांसाठी आलेले. आयुष्यभर पेंटर. एसटी स्टँडच्या पाट्या, शाळांची नावं, रेशनचे फलक, होड्यांच्या पुढच्या टोकावरची, नाळेवरची नावं. मग फ्लेक्स आला आणि ब्रश सुकला. खाडीकाठच्या गावांतल्या मशिदींत कमानींवर त्यांनी पुष्कळ लिहिलं होतं, पण नेहमीच्या वळणदार लिपीत. त्यांना हवी होती ती कुफी: पहिल्या शतकांतली, काटकोनी, उभ्या दांड्यांची. लहानपणी एका जुन्या कॅलेंडरवर त्यांनी ती पाहिली होती.

"आमच्याकडे कोणी काढू देत नाही ती," ते म्हणाले. "म्हणतात, वाचता येत नाही. अरे, वाचायला पुस्तकं आहेत. एक अख्खी भिंत मिळाली पाहिजे होती मला आयुष्यात. एक."

मी त्यांना म्हटलं, माझ्याकडे एक भिंत आहे.

कमिटीला 'हँडमेड' हा शब्द आवडला आणि काकांना होकार मिळाला. कुराणातली प्रकाशाविषयीची एक आयत ठरली. व्हिजिटर व्हिसावर आलेल्या माणसाला इथे काम करता येत नाही, म्हणून काकांनी हे सेवा म्हणून करायचं, कुठल्याही कागदावर त्यांचं नाव येणार नाही, असं ठरलं. काकांची तक्रार नव्हती. एसटीच्या पाटीवर तरी पेंटरचं नाव कुठे असतं, म्हणाले.

जानेवारीत मी त्यांना भिंतीचा नकाशा दिला. मोठ्या कागदावर छापून, गुंडाळी करून, थोड्या ऐटीतच. भिंत चव्वेचाळीस फूट. ऑफिसातले प्लॉटरच्या कागदाचे शिल्लक रोलही नेऊन दिले. मुलाच्या गॅरेजमधून दोन्ही गाड्या बाहेर आल्या आणि गारांचा मार खात अंगणात उभ्या राहिल्या. आत काकांनी पत्र्याच्या टेबलांवर कागद पसरला.

त्यांची पद्धत जुन्या पेंटरची. आधी पूर्ण आकाराचं चित्र कागदावर. मग प्रत्येक रेघेवरून टाचणीने शेजारीशेजारी भोकं. तो कागद भिंतीला लावून वरून कोळशाच्या भुकटीची पुरचुंडी थापटायची, की भिंतीवर ठिपक्याठिपक्यांनी अक्षर उतरतं. रविवारी सकाळी मी जायची आणि टाचणी हातात घ्यायची. चव्वेचाळीस फुटांत किती भोकं बसतात हे मला विचारू नका.

भोकं पाडता पाडता मी त्यांना पुस्तकांतलं सांगायची. जेरुसलेमच्या त्या प्रसिद्ध घुमटात निळ्या जमिनीवर सोन्याच्या चौकोनी तुकड्यांनी लिहिलेला लांबच लांब पट्टा आहे. त्यात बांधणाऱ्या खलिफाचं नाव होतं. पुढच्या एका खलिफाने ते काढून तिथे स्वतःचं नाव बसवलं, पण साल बदलायला विसरला. त्यामुळे चोरी बाराशे वर्षांनीही वाचता येते.

काका हसले. "पेंटरला विचारायचं होतं ना. पेंटर साल विसरत नाही. नाव विसरेल."

अक्षरांबद्दल मात्र ते मला शिकवत. या लिपीत अक्षर आडवं ताणता येतं. ओळ मोठी असेल तर ताणायचं, जागा कमी असेल तर आखडायचं. पण कुठे किती ते आधीच ठरवावं लागतं, कारण एक अक्षर ताणलं की पुढच्या सगळ्यांची जागा हलते. ते आठ-आठ दिवस एका शब्दावर घालवत. शेवटच्या चार शब्दांना त्यांनी भरपूर ताण दिला होता. उजवीकडून सुरू झालेली ओळ डावीकडे जाता जाता सैल होत, मोकळी होत संपायची. फार सुंदर होतं ते. माझ्या डोळ्यांनी पाहिलं म्हणून सांगते.

आता माझी गोष्ट.

मार्चमध्ये शहराच्या परवाना खात्याने नकाशे परत पाठवले. इतकी माणसं एका खोलीत, तर बाहेर पडायला आणखी एक वाट हवी. मी तिरक्या भिंतीच्या डाव्या टोकाला मागच्या दाराकडे जाणारी एक बंदिस्त वाट काढली. भिंत साडेतीन फुटांनी आखूड झाली. आमच्या धंद्यात नकाशात बदल केला की त्याभोवती ढगाची आकृती काढतात, म्हणजे बघणाऱ्याला कळावं की इथे काहीतरी हललं आहे. मी तो ढग स्वतः काढला. नीट, गुबगुबीत. मग नवा नकाशा यादीतल्या सगळ्यांना गेला: इलेक्ट्रिशियनला, स्प्रिंकलरवाल्याला, गालिचावाल्याला, पंधरा माणसांना. काका यादीत नव्हते. यादीत नसलेल्याला नकाशा जात नाही. आणि मी, जिने जानेवारीत ऐटीत गुंडाळी नेऊन दिली होती, दर रविवारी त्यांच्यासमोर बसून जेरुसलेमच्या गप्पा मारत होते.

मेच्या शेवटी, काकांच्या विमानाला बारा दिवस उरले असताना, एका शनिवारी आम्ही कागद भिंतीला लावून बघायला नेला. पांढरा प्रायमर मारून भिंत तयार होती. अध्यक्ष होते, कमिटीतले चौघं कागद धरायला होते. उजवीकडून गुंडाळी उलगडत गेली. शब्दामागून शब्द. अध्यक्षांचाही फोन खिशात होता. आणि मग डावीकडे उभ्या असलेल्या माणसाची पाठ आडव्या भिंतीला टेकली, आणि त्याच्या हातात अजून बरीच गुंडाळी होती.

"आणखी आहे," तो इंग्रजीत म्हणाला.

काकांनी पुढे येऊन पाहिलं. भिंतीकडे नाही, कागदाकडे. खिशातून टेप काढली आणि कागद मोजायला लागले. एकदा मोजला. पुन्हा मोजला. ओठ हलत होते. सेंटिमीटरचे फूट, फुटांचे सेंटिमीटर.

मला त्या क्षणी कळलं. ढग डोळ्यांपुढे आला, अगदी स्पष्ट. तोंड उघडायला हवं होतं. उघडलं नाही.

"बुजुर्ग हैं," अध्यक्ष हळू आवाजात, पण सगळ्यांना ऐकू जाईल असं म्हणाले. "हो जाता है."

सोमवारी मी साहेबाला सगळं सांगितलं. साहेब भला माणूस आहे. त्याने दार लावलं, मला पाणी दिलं आणि म्हणाला, आपल्याकडे 'चूक' म्हणत नाहीत, 'कोऑर्डिनेशन इश्यू' म्हणतात. ईमेलमध्ये काही लिहू नकोस. कोणाची माफी मागू नकोस. विम्याच्या कंपनीला आवडत नाही. इतका शांतपणे बोलला की वाटलं, चूक करणं हे पाप नसून उच्चारणं हेच पाप आहे. मी ऐकलं, कारण ऐकणं सोयीचं होतं. ग्रीन कार्डची रांग मी त्या ऑफिसच्या नावावर उभी राहून काढते आहे. नोकरी गेली तर रांगही गेली.

त्या आठवड्यात अध्यक्षांचे तीन ईमेल आले. एका पॅनेलवाल्याकडे सोनेरी ॲक्रिलिकचे तुकडे लेझरने कापून मिळतात. भिंतीच्या कुठल्याही मापाला बसतात. शेवटी कमिटीच्या सदस्यांची नावंही त्याच 'स्टाइल'मध्ये देता येतील. रविवारी मीटिंगमध्ये ठरवू. तिसऱ्या ईमेलमध्ये एक वाक्य होतं: चाचांच्या मेहनतीची आम्हाला कदर आहे, वयामुळे मापात गडबड झाली, त्यांना कोणी दोष देऊ नये.

हे वाक्य मी तीन दिवस सोबत घेऊन फिरले. चिडचिड अध्यक्षांवर करावी तर ते खोटं बोलत नव्हते. साहेबावर करावी तर त्याने मला वाचवलंच होतं. सिग्नलला पुढची गाडी दोन सेकंद उशिरा हलली तरी मी हॉर्न वाजवत होते. टेक्सासमध्ये कोणी हॉर्न वाजवत नाही.

शुक्रवारी दुपारी ऑफिसातून निघून मी गॅरेजवर गेले. काका जमिनीवर गुडघे टेकून कागदाच्या कडेला पट्टी लावत होते. सहा दिवस ते तेच करत होते असं सुनेने दारातच सांगितलं.

"काका, चूक तुमची नाही," मी म्हटलं. "भिंत आखूड झाली. मार्चमध्येच झाली. नवा नकाशा मीच काढला. तुम्हाला द्यायचा राहिला."

टेप त्यांच्या हातात उघडी होती. त्यांनी ती सोडली. खट्कन आत गेली.

"मार्चमध्ये?"

"हो."

"म्हणजे मी शेवटचे शब्द काढत होतो तेव्हा तिथे भिंतच नव्हती."

"नव्हती."

"आणि शनिवारपासून मी या टेपला शिव्या घालतोय. सुनेला सांगितलं, मला आता रेघ सरळ दिसत नाही. मुलाला सांगितलं, गावी गेलो की ब्रश कोणाला तरी देऊन टाकतो." ते उठायला लागले, मी हात पुढे केला, तो त्यांनी घेतला नाही. "तू तिथेच उभी होतीस ना गो?"

"होते."

"एवढी पुस्तकं वाचतेस. चूक झाल्यावर काय करायचं ते नसतं वाटतं त्यांत?"

अंगणातल्या तापलेल्या गाडीचा अलार्म उगाच वाजला आणि थांबला.

"मला सांगून काय उपयोग?" ते म्हणाले. "मी गुरुवारी जातोय. तिथे सांग. माझा हात गेला असं तो डॉक्टर सगळ्यांना सांगतोय. भिंत गेली तर गेली, बाय. पण हात गेला असं म्हणू नको." मग कागदाकडे वळून, वेगळ्या आवाजात: "किती आहे आता? नक्की? की परत बदलणार?"

"चाळीस फूट सहा इंच. आत्ता येताना मोजून आले."

"त्यांच्या पुस्तकात काय करत होते? जागा संपली तर?"

हे मात्र पुस्तकात होतं. फोनवर मी त्यांना जुन्या शिलालेखांचे फोटो दाखवले. दगड संपत आला की कोरणारा अक्षरं दाटीने बसवायचा, आणि तरीही नाही मावलं तर शेवटचा शब्द उचलून ओळीच्या वर ठेवायचा. काका बराच वेळ बघत राहिले. दोन बोटांनी फोटो मोठा केला, लहान केला. "हा माणूस आपला," म्हणाले. "याला पण कोणीतरी जुना नकाशा दिला होता."

मीटिंग रविवारी दुपारच्या नमाजानंतर, गाद्यांच्या दुकानाच्या मॅनेजरच्या जुन्या केबिनमध्ये. भिंतीवर अजून 'पाठदुखीला रामराम' अशा अर्थाचं पोस्टर होतं. टेबलावर सोनेरी ॲक्रिलिकचा नमुना ठेवला होता, हॉटेलच्या लॉबीत शोभेल असा. अध्यक्षांनी प्रेझेंटेशन सुरू केलं. पहिल्याच स्लाइडवर 'ह्यूमन एरर' असे शब्द होते.

"एक मिनिट," मी इंग्रजीत म्हटलं. "एरर माझा आहे. यांना जुना नकाशा मी दिला आणि नवा दिला नाही. यांचं माप बरोबर होतं. इंचाचाही फरक नव्हता."

कमिटीतल्या एकाने विचारलं, हे तुमच्या ऑफिसचं अधिकृत म्हणणं आहे का. मी म्हटलं, हे माझं म्हणणं आहे. त्याने वहीत काहीतरी लिहायला घेतलं आणि मग लिहिलं नाही. अध्यक्षांनी काकांकडे पाहिलं आणि, हे त्यांच्या बाजूने सांगायला हवं, उठून त्यांचा हात दोन्ही हातांत घेतला. "माफ करना चाचा."

तिथे ही गोष्ट संपली असती तर बरं झालं असतं. पण काकांनी काखेतली गुंडाळी सोडली. दोन दिवसांत त्यांनी शेवटचे दहा फूट नव्याने काढले होते. ताण काढून घेतलेला. अक्षरं एकमेकांच्या जवळ आलेली, उभे दांडे दाट, आणि अगदी टोकाला शेवटचा शब्द ओळ सोडून वर चढलेला, दुसऱ्या शब्दाच्या खांद्यावर बसल्यासारखा.

अध्यक्ष वाकून पाहत राहिले. "चाचा, ये तो ऐसा लग रहा है कि जगह कम पड गई."

"पड गई थी ना," काका म्हणाले.

मी जुन्या शिलालेखांचं सांगितलं. हीच तर खरी रीत, पहिल्या काळातली. फोटो दाखवले. अध्यक्षांनी ते सौजन्याने पाहिले. "बहनजी, उनके पास कंप्युटर नहीं था." मग चर्चा झाली. कोणाला दाटी आवडली, कोणाला सोनं. एकाने विचारलं, यात लिहिलंय काय ते कोणाला वाचता येतंय का? कोणालाच येत नव्हतं, काकांखेरीज. शेवटी ठरलं की विषय पुढच्या महिन्याच्या मीटिंगमध्ये घ्यावा.

"काकांचं विमान गुरुवारी आहे," मी म्हटलं.

"तो झूम पे जुड जाएंगे ना," अध्यक्ष म्हणाले, अगदी प्रेमाने.

पार्किंगमध्ये काकांनी गुंडाळी पुन्हा घट्ट केली. गाडीत बसल्यावर म्हणाले, "नाही तर म्हणाले नाहीत ना?"

नव्हते म्हणाले. तेवढ्यावर रंगवायचं ठरवून मी घरी आले.

पण साइटवरचा फोरमन मेक्सिकोचा, नियमाचा पक्का. नकाशात असेल तर भिंतीला हात लावू देईन, नसेल तर नाही. सोमवारी सकाळी मी एक लहान नकाशा काढला: भिंत, पट्टा, चाळीस फूट सहा इंच, आणि टीप, 'या पट्ट्यावर रंग मारू नये.' टोकाभोवती ढग. साहेबासमोर सहीला ठेवला. त्याने बराच वेळ पाहिला. रविवारचं सगळं त्याच्या कानावर गेलेलं होतं.

"हाच का तो कोऑर्डिनेशन इश्यू?"

"हो. हे त्याचं कोऑर्डिनेशन."

त्याने सही केली आणि कागद माझ्याकडे न बघता परत दिला. पुढे दोन महिने तो माझ्याशी फक्त कामापुरतं बोलला. मला वाटतं, त्याच्या दृष्टीने त्या सहीतच तो फार बोलला होता.

सोमवार, मंगळवार, बुधवार. फोरमनने काकांना शिडीवर चढू दिलं नाही. वर जाणारी यांत्रिक पाळणावजा गाडी दिली, कमरेला पट्टा, डोक्यावर टोप, नारिंगी जाकीट. काका त्यात एसटीच्या एखाद्या खात्याचे अधिकारी दिसत होते. जुन्या बनियनच्या पुरचुंडीत बार्बेक्यूचा कोळसा कुटून भरला होता. पहिल्या दिवशी संबंध ओळ ठिपक्यांनी भिंतीवर उतरवली आणि पेन्सिलीने जोडली. ब्रश उघडल्यावर मला वाटलं उजवीकडून सुरू करतील. ते डावीकडे गेले. शेवटाकडे.

"काका, सुरुवात तिकडे आहे."

"सुरुवात कोणीही रंगवेल. रेघ आहे, आत रंग भरायचा. हे टोक मी नाही केलं तर कोणी सरळ करून टाकेल."

दोन दिवसांत शेवटचे चार शब्द झाले, गडद निळे. वर चढलेला शब्द सगळ्यांत शेवटी. बुधवारी दुपारी ब्रश धुताना ते म्हणाले, त्या सैल शेवटाची आठवण येते. यापेक्षा तो बरा होता. मी म्हटलं, हो. खोटं कशाला बोलायचं.

गुरुवारी ते गेले.

त्याला आठ महिने झाले. मशीद सुरू झाली आहे. कमिटीच्या प्रत्येक मीटिंगच्या टिपणात पट्ट्याचा विषय 'पुढील बैठकीत' असा असतो. सोनेरी पॅनेल आलं नाही आणि नकारही आला नाही. रंगाऱ्याने टीप वाचून पट्टा सोडला. त्यामुळे भिंतीवर छत्तीस फूट पेन्सिलीची बारीक रेघ आणि टोकाला साडेचार फूट निळे, दाटीने उभे असलेले शब्द, अशी परिस्थिती आहे. पाहुणे आले की अध्यक्ष त्या टोकाशी नेतात आणि सांगतात, ही फार जुनी रीत आहे, शेवटचा शब्द मुद्दाम वर घेतात. मी एकदा मागेच उभी होते. 'मुद्दाम' या शब्दावर मी खोकले.

काकांचं विमान उतरलं त्या शुक्रवारी मी एक गोष्ट केली. आता ते अमेरिकेत नव्हते, म्हणजे कागदावर नाव घालायला अडचण उरली नव्हती. इथे असताना ज्यांना यादीत घेता येत नव्हतं, त्यांना निघून गेल्यावर घेता आलं. सोळावं नाव, रत्नागिरीजवळच्या त्यांच्या गावाचा पत्ता, मुलीच्या मुलाचा ईमेल. तेव्हापासून इमारतीतला प्रत्येक बदल त्यांना जातो.

गेल्या आठवड्यात त्यांचा फोन आला. "काय गो बाय, वजूला हातपाय धुवायच्या खोलीतला नळ बदलला, ते मला कशाला कळवलं?"

"तुम्ही यादीत आहात काका."

"आणि गालिचा पण. नातू छापून आणतो सगळे. भिंतीला लावलेत घरात, ढगच ढग झालेत." मागे कोंबडा ओरडला. व्हिसाची तारीख मिळाली आहे, म्हणाले, मिळाला तर डिसेंबरात. ब्रश अजून कोणाला दिलेला नाही.

"भिंत तेवढीच आहे ना?"

नकाशा माझ्यासमोर स्क्रीनवर उघडा होता. आकडा त्यावर होता, माझ्याच हाताने टाकलेला. "थांबा," मी म्हटलं. "मोजून सांगते." आणि टेप घेऊन निघाले.